फौजदारी तपासाचे हस्तांतरण : न्यायालयाकडे करावयाची विनंती, तिची व्याप्ती व मर्यादा

प्रस्तावना

फौजदारी न्यायव्यवस्थेमध्ये न्यायालयाचे कामकाज सर्वांच्या दृष्टीस पडते; पोलीस तपास मात्र बहुतांशी नजरेआड चालतो. वास्तविक पाहता खटल्याचा पाया तपासातच घातला जातो. घटनास्थळाचा पंचनामा किती काळजीपूर्वक झाला, साक्षीदारांचे जबाब केव्हा नोंदविले गेले, मुद्देमाल वेळेत जप्त होऊन न्यायवैद्यक प्रयोगशाळेकडे पोहोचला किंवा नाही, यांवर पुढे न्यायालयात काय सिद्ध होऊ शकेल हे ठरते. असा तपास ज्या अधिकाऱ्याच्या हाती आहे, त्याच्या निःपक्षपातीपणावरच फिर्यादीचा विश्वास उरला नाही तर त्याने कोणाकडे दाद मागावी, हा प्रश्न केवळ कायद्याच्या तज्ज्ञांचा नाही. सामान्य नागरिकाचा राज्यसंस्थेवरील विश्वास त्याच्याशी निगडित आहे.

वृत्तपत्रांतून ‘तपास सीबीआयकडे सोपवा’ अशी मागणी वारंवार वाचावयास मिळते. त्यामुळे तपासाचे हस्तांतरण म्हणजे केंद्रीय यंत्रणेकडे प्रकरण जाणे, आणि ते केवळ उच्च वा सर्वोच्च न्यायालयातूनच शक्य आहे, असा समज रूढ झाला आहे. हा समज अपुरा आहे. तपास अधिकारी बदलण्याचे अनेक मार्ग कायद्यात असून त्यांतील पहिल्या पायऱ्या पोलीस अधीक्षकांच्या कार्यालयात व दंडाधिकाऱ्यांच्या न्यायालयात आहेत.

उद्दिष्टे

१) तपासाच्या हस्तांतरणाचे प्रकार व त्यांची कायदेशीर चौकट स्पष्ट करणे.
२) वरिष्ठ पोलीस अधिकारी, दंडाधिकारी, उच्च न्यायालय व सर्वोच्च न्यायालय यांच्या अधिकारांतील फरक मांडणे.
३) न्यायालये अशी विनंती कोणत्या आधारावर मान्य वा अमान्य करतात याचा निवाड्यांच्या साहाय्याने परामर्श घेणे.
४) हस्तांतरणाचे प्रत्यक्ष परिणाम तपासून पाहणे.

तपास हे पोलिसांचे कार्यक्षेत्र

दखलपात्र गुन्ह्याची माहिती मिळाल्यावर दंडाधिकाऱ्याच्या आदेशाची वाट न पाहता तपास करण्याचा अधिकार पोलीस ठाण्याच्या प्रभारी अधिकाऱ्यास आहे. फौजदारी प्रक्रिया संहिता, १९७३ मध्ये ही तरतूद कलम १५६ मध्ये होती. १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, २०२३ मध्ये ती कलम १७५ मध्ये आली आहे. तपास करणे हे पोलिसांचे आणि न्यायनिवाडा करणे हे न्यायालयाचे काम, ही विभागणी जुनी आहे. सम्राट विरुद्ध ख्वाजा नझीर अहमद या १९४५ साली प्रकाशित झालेल्या निवाड्यात प्रिव्ही कौन्सिलने असे प्रतिपादन केले, की ही दोन्ही कार्ये परस्परपूरक असून एकाने दुसऱ्याच्या क्षेत्रात शिरकाव करणे इष्ट नाही. स्वातंत्र्योत्तर काळात सर्वोच्च न्यायालयाने बिहार राज्य विरुद्ध सल्ढाणा (१९८०) या प्रकरणात हीच भूमिका पुढे नेली.

या विभागणीमागील हेतू समजून घेणे आवश्यक आहे. न्यायालयानेच तपासाची दिशा ठरविली, तर पुढे त्याच तपासाचे तटस्थ मूल्यमापन न्यायालयास करता येणार नाही. म्हणूनच तपासात हस्तक्षेप करण्याबाबत न्यायालये संयम बाळगतात. तथापि भारतीय संविधानाच्या अनुच्छेद २१ मधील जीविताच्या व स्वातंत्र्याच्या हक्कात निःपक्षपाती तपासाचाही समावेश होतो, हे तत्त्व आता प्रस्थापित झाले आहे. पोलिसांची स्वायत्तता आणि नागरिकाचा हा हक्क यांचा मेळ घालण्याच्या प्रयत्नातून हस्तांतरणाविषयीचा कायदा विकसित झाला आहे.

हस्तांतरणाचे तीन स्तर

पहिला स्तर पोलीस घटकांतर्गत बदलाचा आहे. एकाच ठाण्यातील एका अधिकाऱ्याकडून दुसऱ्याकडे, किंवा ठाण्याकडून जिल्ह्याच्या स्थानिक गुन्हे शाखेकडे अथवा आयुक्तालयाच्या गुन्हे शाखेकडे तपास देणे हे त्याचे नेहमीचे स्वरूप. दुसरा स्तर राज्यांतर्गत बदलाचा असून त्यात राज्य गुन्हे अन्वेषण विभाग, दहशतवादविरोधी पथक किंवा खास नेमलेले विशेष तपास पथक यांचा समावेश होतो. तिसऱ्या स्तरावर तपास राज्य पोलिसांच्या कक्षेबाहेर, म्हणजे केंद्रीय अन्वेषण विभाग वा राष्ट्रीय तपास यंत्रणा यांच्याकडे जातो.

प्रत्येक हस्तांतरणासाठी न्यायालयाचा आदेश लागतोच असे नाही. राष्ट्रीय तपास यंत्रणा अधिनियम, २००८ च्या कलम ६ अन्वये अनुसूचित गुन्ह्याचा तपास केंद्र सरकार स्वतःहून त्या यंत्रणेकडे सोपवू शकते. पुणे पोलिसांकडील एल्गार परिषद प्रकरणाचा तपास जानेवारी २०२० मध्ये याच मार्गाने हस्तांतरित झाला. केंद्रीय अन्वेषण विभागाच्या बाबतीत मात्र दिल्ली विशेष पोलीस आस्थापना अधिनियम, १९४६ च्या कलम ६ नुसार संबंधित राज्याची संमती आवश्यक असते. महाराष्ट्राने आपली सर्वसाधारण संमती ऑक्टोबर २०२० मध्ये मागे घेतली व ऑक्टोबर २०२२ मध्ये पूर्ववत केली.

वरिष्ठ पोलीस अधिकाऱ्याचा अधिकार

पोलीस ठाण्याच्या प्रभारी अधिकाऱ्यापेक्षा वरिष्ठ असलेल्या अधिकाऱ्यास आपल्या संपूर्ण कार्यक्षेत्रात प्रभारी अधिकाऱ्याचेच अधिकार वापरता येतात. जुन्या संहितेचे कलम ३६ व नव्या संहितेचे कलम ३० यांमध्ये ही तरतूद आहे. तपास अधिकाऱ्याविषयी तक्रार असल्यास पोलीस अधीक्षक वा आयुक्त यांच्याकडे लेखी अर्ज करणे हा त्यामुळे सर्वांत जवळचा मार्ग ठरतो. नव्या संहितेच्या कलम १७५ मध्ये गुन्ह्याचे स्वरूप व गांभीर्य लक्षात घेऊन पोलीस अधीक्षक उपअधीक्षकास तपास करण्यास सांगू शकतात, अशी स्पष्ट भर घालण्यात आली आहे.

काही कायद्यांनी तपास अधिकाऱ्याचा दर्जाच निश्चित केला आहे. अनुसूचित जाती व जमाती अत्याचार प्रतिबंध नियम, १९९५ मधील नियम ७ नुसार तपास अधिकारी पोलीस उपअधीक्षकापेक्षा कमी दर्जाचा असू नये. महाराष्ट्र संघटित गुन्हेगारी नियंत्रण अधिनियम, १९९९ खालीही असेच बंधन आहे. अशा गुन्ह्यात कनिष्ठ अधिकारी तपास करीत असल्यास, त्याच्या हेतूविषयी कोणताही आरोप न करता केवळ दर्जाच्या आधारे बदल मागता येतो.

दंडाधिकारी : शिफारस आणि आदेश यांतील अंतर

वरिष्ठांकडे दाद न लागल्यास पुढील पायरी दंडाधिकाऱ्यांची आहे. जुन्या संहितेच्या कलम १५६(३) अन्वये दंडाधिकारी तपासाचा आदेश देऊ शकत असत. आता ही तरतूद कलम १७५(३) मध्ये आहे. साकिरी वसू विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य (२००८) या निवाड्यात सर्वोच्च न्यायालयाने या अधिकाराचा व्यापक अर्थ लावला. गुन्हा नोंदविण्याचा आदेश देणे एवढ्यापुरताच हा अधिकार मर्यादित नसून, तपास योग्य रीतीने होत आहे किंवा नाही यावर लक्ष ठेवण्याचा अधिकारही त्यात अंतर्भूत आहे, असे न्यायालयाने म्हटले.

महाराष्ट्रातून सर्वोच्च न्यायालयात गेलेल्या व २०१६ मध्ये प्रकाशित झालेल्या तांबे प्रकरणातील निवाडा येथे विशेष महत्त्वाचा आहे. गुन्हा नोंदविला गेला नाही अथवा तपास नीट होत नाही अशी तक्रार असल्यास थेट उच्च न्यायालयात न जाता प्रथम दंडाधिकाऱ्यांकडे जावे, असे त्यात सांगितले आहे. दंडाधिकाऱ्यांचे प्रथमदर्शनी समाधान झाल्यास ते योग्य तपासाचे निर्देश देऊ शकतात आणि आवश्यक वाटल्यास तपास अधिकारी बदलण्याची शिफारस पोलीस अधीक्षकांकडे करू शकतात.

येथे ‘शिफारस’ हा शब्द काळजीपूर्वक वाचावयास हवा. दंडाधिकारी आपल्या पसंतीच्या अधिकाऱ्याची नेमणूक करीत नाहीत. नेमणुकीचा निर्णय पोलीस प्रशासनाकडेच राहतो. परंतु न्यायालयाची कारणांसहित लेखी शिफारस अभिलेखावर आल्यानंतर ती दुर्लक्षिणे वरिष्ठ अधिकाऱ्यास सोपे राहत नाही, कारण तपासावरील देखरेख दंडाधिकाऱ्यांकडे कायम असते आणि शिफारस डावलल्याची बाब पुढे उच्च न्यायालयासमोरही मांडता येते. ही व्यवस्था आदेशाहून सौम्य असली तरी निष्प्रभ नाही.

दंडाधिकाऱ्यांच्या अधिकाराच्या मर्यादाही स्पष्ट आहेत. केंद्रीय अन्वेषण विभाग विरुद्ध राजस्थान राज्य (२००१) या प्रकरणात कलम १५६(३) खाली दंडाधिकारी केंद्रीय अन्वेषण विभागास तपासाचा आदेश देऊ शकत नाहीत, असा निर्णय झाला. हे कलम पोलीस ठाण्याच्या प्रभारी अधिकाऱ्याच्या तपासाविषयी आहे, हे त्यामागील कारण. विनय त्यागी विरुद्ध इर्शाद अली (२०१३) या निवाड्याने ‘अधिक तपास’ आणि ‘नव्याने तपास’ यांतील भेद स्पष्ट केला. पूर्वीचा तपास कायम ठेवून त्यात भर घालणे हा अधिक तपास होय व तो दंडाधिकाऱ्यांच्या कक्षेत येतो. पूर्वीचा तपास बाजूला सारून पुन्हा आरंभ करणे किंवा दुसऱ्या यंत्रणेकडे तपास देणे हे वरिष्ठ न्यायालयांचे काम आहे. विनुभाई मालवीय विरुद्ध गुजरात राज्य (२०१९) या निवाड्यानुसार अधिक तपासाचा आदेश देण्याचा दंडाधिकाऱ्यांचा अधिकार प्रत्यक्ष खटला सुरू होईपर्यंत, म्हणजे आरोप निश्चित होईपर्यंत टिकतो.

महाराष्ट्रात तपास बंद करताना पोलीस ए, बी किंवा सी समरी अहवाल सादर करतात. गुन्हा खरा पण आरोपी निष्पन्न नाही तेव्हा ‘ए’, फिर्याद हेतुतः खोटी वाटल्यास ‘बी’ आणि गैरसमजातून दिली गेल्यास वा प्रकरण दिवाणी स्वरूपाचे असल्यास ‘सी’ असा स्थूलमानाने संकेत आहे. भगवंत सिंग विरुद्ध पोलीस आयुक्त (१९८५) या निवाड्यानुसार असा अहवाल स्वीकारण्यापूर्वी फिर्यादीस म्हणणे मांडण्याची संधी द्यावी लागते. सदोष तपासाचे मुद्दे मांडून अधिक तपासाची व अधिकारी बदलण्याच्या शिफारशीची विनंती करण्यासाठी हा टप्पा महत्त्वाचा आहे. प्रत्यक्षात तो पुष्कळदा वाया जातो.

उच्च व सर्वोच्च न्यायालयांचे अधिकार

संविधानाच्या अनुच्छेद २२६ व ३२ खाली वरिष्ठ न्यायालये तपास हस्तांतरित करण्याचा आदेश देऊ शकतात. राज्याच्या संमतीशिवाय केंद्रीय अन्वेषण विभागाकडे तपास देता येईल काय, हा प्रश्न पश्चिम बंगालमधील गडबेता येथे जानेवारी २००१ मध्ये घडलेल्या हिंसाचारावरून उपस्थित झाला. १७ फेब्रुवारी २०१० रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने त्याचे होकारार्थी उत्तर दिले. संमतीची अट केंद्र सरकारवर बंधनकारक आहे. नागरिकांच्या मूलभूत हक्कांचे रक्षण करणाऱ्या न्यायालयांचा अधिकार त्या अटीने कमी होत नाही, असा त्याचा आशय. मात्र हा अधिकार क्वचित व अपवादात्मक परिस्थितीतच वापरावा, अन्यथा केंद्रीय यंत्रणेवर प्रकरणांचा भार पडून कोणताच तपास धड होणार नाही, असा इशाराही घटनापीठाने दिला.

या संदर्भात एक गफलत टाळावयास हवी. जुन्या संहितेच्या कलम ४०६ व नव्या संहितेच्या कलम ४४६ खाली सर्वोच्च न्यायालय खटले व अपिले एका राज्यातून दुसऱ्या राज्यात वर्ग करू शकते. तपास वर्ग करण्याची तरतूद या कलमात नाही. अभिनेता सुशांतसिंह राजपूत यांच्या मृत्यूसंबंधी पाटणा येथे नोंदविलेला गुन्हा मुंबईकडे वर्ग करावा, अशी याचिका याच कलमाखाली दाखल झाली होती. १९ ऑगस्ट २०२० च्या निवाड्यात न्यायालयाने कलम ४०६ ची ही मर्यादा मान्य केली. केंद्रीय अन्वेषण विभागाच्या तपासास मान्यता देताना अनुच्छेद १४२ मधील विशेष अधिकाराचा आधार घेतला.

विनंती कोणत्या आधारावर मान्य होते?

निवाड्यांचा एकत्रित विचार करता काही निकष समोर येतात. पहिला निकष हितसंबंधांचा. ज्यांच्यावर आरोप आहे ते तपास यंत्रणेचेच वरिष्ठ अधिकारी वा सत्ताधारी असतील, तर त्यांच्याच अखत्यारीतील यंत्रणेने केलेला तपास विश्वासार्ह राहत नाही. सोहराबुद्दीन प्रकरणात आरोपींमध्ये गुजरातचे वरिष्ठ पोलीस अधिकारी होते. राज्य पोलिसांनी दोषारोपपत्र दाखल केलेले असतानाही सर्वोच्च न्यायालयाने १२ जानेवारी २०१० रोजी तपास केंद्रीय अन्वेषण विभागाकडे दिला. महाराष्ट्राच्या तत्कालीन गृहमंत्र्यांवरील आरोपांची प्राथमिक चौकशी त्याच विभागाने करावी, असा आदेश मुंबई उच्च न्यायालयाने ५ एप्रिल २०२१ रोजी दिला, त्यामागेही हेच तत्त्व होते. गृहखात्याच्या नियंत्रणाखालील पोलिसांनी गृहमंत्र्यांची चौकशी करणे ही स्थितीच तटस्थतेशी विसंगत होती.

दुसरा निकष तपासातील ठोस दोषांचा. महत्त्वाचे साक्षीदार न तपासणे, उपलब्ध पुरावा जप्त न करणे, एकाच घटनेच्या दोन बाजूंपैकी एकीकडे डोळेझाक करणे, अशा बाबी तारखांसह दाखविता आल्या पाहिजेत. केवळ वृत्तपत्रीय बातम्यांवर आधारलेली मागणी पुरेशी नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने ३ जानेवारी २०२४ रोजी अदानी समूहासंबंधीच्या याचिकांवरील निकालात पुन्हा सांगितले.

तिसरा निकष नकारात्मक आहे. आपल्या पसंतीची यंत्रणा निवडण्याचा हक्क आरोपीस नाही. रोमिला थापर विरुद्ध भारत सरकार या प्रकरणात २८ सप्टेंबर २०१८ रोजी बहुमताने हाच निर्णय झाला. न्यायमूर्ती चंद्रचूड यांनी मात्र विशेष तपास पथकाच्या बाजूने भिन्नमत नोंदविले. पुढे अर्णब गोस्वामी प्रकरणात १९ मे २०२० रोजी त्यांच्याच पीठाने मुंबई पोलिसांकडील तपास हलविण्यास नकार दिला. अधिकाऱ्याने अडचणीचे प्रश्न विचारले वा दीर्घकाळ चौकशी केली, एवढ्यावरून त्याचा पक्षपात सिद्ध होत नाही.

फिर्याद देणारा पोलीस अधिकारी स्वतःच तपास करीत असल्यास काय, हा प्रश्नही याच संदर्भात येतो. मोहनलाल विरुद्ध पंजाब राज्य (२०१८) या निवाड्याने असा तपास आरोपीस दोषमुक्तीचा हक्क देतो असे ठरविले होते. मुकेश सिंग प्रकरणात ३१ ऑगस्ट २०२० रोजी घटनापीठाने तो नियम रद्द केला. केवळ एकच व्यक्ती दोन्ही भूमिकांत आहे म्हणून पक्षपात गृहीत धरता येत नाही; प्रत्येक प्रकरणातील वस्तुस्थिती पाहावी लागते.

हस्तांतरणाने काय साधते?

हस्तांतरण झाले म्हणजे न्याय मिळाला, असे समीकरण मांडता येत नाही. डॉ. नरेंद्र दाभोलकर यांची हत्या २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात झाली. मुंबई उच्च न्यायालयाच्या आदेशाने मे २०१४ मध्ये तपास केंद्रीय अन्वेषण विभागाकडे गेला. त्या विभागाने पहिली अटक जून २०१६ मध्ये केली. पुण्याच्या विशेष न्यायालयाचा निकाल १० मे २०२४ रोजी लागला. दोघांना जन्मठेप झाली व तिघे निर्दोष सुटले. कॉ. गोविंद पानसरे यांच्यावर फेब्रुवारी २०१५ मध्ये कोल्हापुरात गोळ्या झाडण्यात आल्या. विशेष तपास पथकाकडील तो तपास कुटुंबीयांच्या विनंतीवरून ऑगस्ट २०२२ मध्ये राज्याच्याच दहशतवादविरोधी पथकाकडे देण्यात आला, म्हणजे घटनेनंतर सात वर्षांहून अधिक काळाने. सोहराबुद्दीन प्रकरणाचा खटला पुढे मुंबईत चालला आणि २१ डिसेंबर २०१८ रोजी सर्व २२ आरोपी निर्दोष सुटले.

या उदाहरणांवरून हस्तांतरण निरुपयोगी आहे असा निष्कर्ष काढणे चुकीचे होईल. नवी यंत्रणा तपासाला नवी दिशा देऊ शकते, साक्षीदारांना निर्भयपणे बोलण्याचे बळ देऊ शकते. पण गेलेला काळ तिला परत आणता येत नाही. घटनास्थळ बदललेले असते, चित्रीकरण पुसले गेलेले असते, साक्षीदारांच्या स्मृती क्षीण झालेल्या असतात. नव्या अधिकाऱ्यास आधीच्या अधिकाऱ्याच्या पंचनाम्यांवर व जबाबांवरच विसंबावे लागते. दोघांच्या निष्कर्षांत तफावत आढळल्यास तिचा लाभ बचाव पक्षास मिळतो. म्हणून हस्तांतरणाच्या मागणीत वेळेचे मोल सर्वाधिक आहे.

यंत्रणा न बदलता माणसे बदलणे हा मध्यम मार्गही न्यायालयांनी अवलंबिला आहे. ३ ऑक्टोबर २०२१ रोजी उत्तर प्रदेशातील लखीमपूर खेरी येथे झालेल्या घटनेत सर्वोच्च न्यायालयाने तपास केंद्रीय यंत्रणेकडे न देता, मूळचे त्या राज्याचे रहिवासी नसलेले तीन भारतीय पोलीस सेवेतील अधिकारी विशेष तपास पथकात घेतले आणि एका निवृत्त उच्च न्यायालय न्यायमूर्तींना देखरेखीसाठी नेमले. घटनेनंतर अवघ्या दीड महिन्यात ही व्यवस्था झाली, ही बाब लक्षणीय आहे.

निष्कर्ष

१) तपास अधिकारी बदलण्याची विनंती ही विशिष्ट निकालाची मागणी नसून निःपक्षपाती प्रक्रियेची मागणी आहे. ती तशीच मांडली गेली तर मान्य होण्याची शक्यता वाढते.

२) वरिष्ठ पोलीस अधिकारी, दंडाधिकारी व वरिष्ठ न्यायालये असा हा क्रम आहे. दंडाधिकाऱ्यांची शिफारस ही त्यातील सर्वांत दुर्लक्षित, परंतु सामान्य फिर्यादीच्या सर्वांत आवाक्यातील पायरी आहे. जिल्ह्याच्या वा तालुक्याच्या ठिकाणी, अल्प खर्चात व तपास चालू असतानाच तिचा उपयोग करता येतो.

३) नव्या संहितेच्या कलम १७५(३) खालील अर्जासोबत प्रतिज्ञापत्र आवश्यक असून आदेशापूर्वी पोलीस अधिकाऱ्याचे म्हणणेही विचारात घ्यावयाचे आहे. निराधार तक्रारींना त्यामुळे आळा बसेल; मात्र या प्रक्रियेत कालहरण होणार नाही याची दक्षता दंडाधिकाऱ्यांनी घेणे आवश्यक आहे. फिर्यादीस वा पीडितास ९० दिवसांत तपासाची प्रगती कळविण्याची कलम १९३ मधील तरतूद काटेकोरपणे पाळली गेल्यास तपासातील दोष वेळीच लक्षात येऊ शकतील.

४) हस्तांतरणाची गरज वारंवार भासणे हे मूळ व्यवस्थेतील उणिवेचे लक्षण आहे. प्रकाश सिंग विरुद्ध भारत सरकार या प्रकरणात २२ सप्टेंबर २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तपास आणि कायदा-सुव्यवस्था ही कामे वेगळी करण्याचे व पोलीस तक्रार प्राधिकरणे स्थापन करण्याचे निर्देश दिले होते. ते पूर्णांशाने अमलात आल्यास स्थानिक ठाण्याच्या तपासावरील विश्वास वाढेल आणि यंत्रणा बदलून मागण्याची वेळ कमी फिर्यादींवर येईल.